पिन अडकलेली नाही!
(जॅझच्या रेकॉर्डी नेणाऱ्या आमच्या ग्राहकांसाठी)

“रेकॉर्ड बदलून द्या. बाई छान गात होत्या, मध्येच ‘डू-बी-डू, शू-बी-डाप’ सुरू झालं.” ही तक्रार आमच्या काउंटरवर अधूनमधून येतेच. पिन अडकली की एकच तुकडा पुन्हा पुन्हा वाजतो. इथे दर वेळी नवीन काहीतरी येतं. ह्याला स्कॅट म्हणतात.

स्कॅटमध्ये गायक शब्द सोडतो, गाणं सोडत नाही. खाली पियानो-बास त्याच गाण्याचे कॉर्ड (एकत्र वाजणारे सूर) वाजवत असतात आणि त्यांच्यावर तो तिथल्या तिथे नवी चाल रचतो. ट्रंपेट किंवा सॅक्सोफोनवाला हेच करतो, इथे वाद्य म्हणजे गळा. अक्षरंही उगाच आलेली नसतात. ‘ब’, ‘द’ने सूर ठसक्यात सुटतो, ‘श’ने अलगद, आणि लांबवायचा असेल तर ‘आ’, ‘ऊ’ हाताशी असतात.

“म्हणजे आपला तराणाच की!” जवळपास. पण तराण्याचे तनन, दिर दिर, नोम-तोम हे बोल परंपरेने आलेले आणि बंदिश आधी बांधलेली. स्कॅट गाणारा अक्षरंही स्वतःचीच आणतो. सी. रामचंद्रांचं १९५७चं ‘ईना मीना डीका’ही पुष्कळांना आठवतं. त्यातले शब्द निरर्थक खरे, पण लिहून बसवलेले. चुलतभाऊ म्हणा हवं तर.

अमेरिकेतला ट्रंपेटवादक आणि गायक लुई आर्मस्ट्राँग याने २६ फेब्रुवारी १९२६ला शिकागोत ‘हीबी जीबीज’ हे गाणं रेकॉर्ड केलं. गाताना शब्दांचा कागद हातातून पडला, म्हणून तो तोंडाला येईल ते गात सुटला, असं तो स्वतः सांगायचा. किस्सा इतका गोड आहे की आमचा त्याच्यावर फारसा विश्वास नाही. शिवाय असं गाणं आधीही होतंच, जीन ग्रीन या अमेरिकन गायकाच्या १९११च्या रेकॉर्डवर ते ऐकू येतं. पण गाजली ती आर्मस्ट्राँगची, आणि पुढच्या गायकांनी धडा घेतला तो तिच्यावरून.

पहिल्यांदाच ऐकणार असाल तर अमेरिकन जॅझ गायिका एला फिट्झजेराल्डची बर्लिनची मैफल न्या, १३ फेब्रुवारी १९६०ची. तिथे ‘मॅक द नाइफ’चे शब्द ती खरोखरच विसरली. मग थांबली का? छे! विसरल्याचंच गाणं केलं, मध्ये आर्मस्ट्राँगच्या घोगऱ्या आवाजाची नक्कलही करून घेतली. त्याच रेकॉर्डवर ‘हाउ हाय द मून’ आहे, सुमारे सात मिनिटांचं. सुरुवातीला शब्द आहेत तोवर चाल डोक्यात पक्की करा आणि स्कॅट सुरू झालं की ती मनात गुणगुणत राहा. बाई किती लांब जाऊन कुठे परत येतात ते मग कळतं. वाटेत दुसऱ्या गाण्यांचे तुकडे डोकावतात. शेवटाकडे ‘स्मोक गेट्स इन युअर आइज’ येतं, पण धुराच्या जागी ती घाम घालते: माझ्या डोळ्यांत घाम जातोय! जात असणारच.

घेण्याआधी दुकानातल्या टर्नटेबलवर ऐकून बघा, त्याचे पैसे नाहीत. तबकडी वाकलेली असेल किंवा ओरखड्यावर पिन उडत असेल तर आठ दिवसांत बदलून देऊ. ‘शू-बी-डाप’साठी बदलून मिळणार नाही. आणि जुनी ७८ची (मिनिटाला ७८ फेरे घेणारी) रेकॉर्ड कृपया एलपीच्या, म्हणजे लाँग-प्ले रेकॉर्डच्या, पिनवर लावू नका. तिची खाच रुंद असते, पिन वेगळी लागते. काउंटरवर विचारा.