हिनेमोआ-तुतानेकाईच्या कथेमागची जमीन

न्यूझीलंडमधल्या रोटोरुआ सरोवरातून रात्री पोहत हिनेमोआ मोकोइआ बेटावर आपल्या प्रियकराकडे, तुतानेकाईकडे गेली, ही गोष्ट छापून आणली ती एका ब्रिटिश गव्हर्नराने. माओरी (तिथल्या मूळ रहिवाशांच्या भाषेतला) मजकूर १८५४ मध्ये निघाला, इंग्रजी १८५५ मध्ये. बारीकसारीक तपशील त्यात आले आहेत. काठावर वर ओढून ठेवलेल्या होड्या, तरंगण्यासाठी अंगाच्या दोन्ही बाजूंना तीन-तीन सुके भोपळे, आणि गरम कुंडात बसून पुरुषी आवाजात पाणी मागणारी, मग पाण्याचा भोपळाच फोडून टाकणारी हिनेमोआ.

या दोघांच्या लग्नाला विरोध का झाला, यावर मात्र एकमत नाही. तुतानेकाई विवाहबाह्य संबंधातून झालेला. आईचा नवरा फाकाउए याने त्याला पोटच्या मुलासारखे वाढवले. पर्यटकांना हेच कारण सांगितले जाते, ते पटकन पटतेही. छापील मजकुरात भर आहे तो तिच्या उच्च कुळावर आणि तिच्यासाठी इरेला पडलेल्या त्याच्या थोरल्या भावांवर. शेवटी तर तुतानेकाईचा जिवलग तिकी एकटा पडला म्हणून त्याला तुतानेकाईची बहीण तुपा लग्नात दिली जाते. हे सहसा गाळतात. सोयरिकीचा हिशेब नको असतो, नुसते प्रेम हवे असते.

या हिशेबाला पुढे कोर्टात किंमत आली. आजचे रोटोरुआ शहर ज्या जमिनीवर आहे तिची मालकी १८८१ मध्ये ठरली, आणि दावे चालले ते पूर्वजांच्या नात्यावर. निकाल फाकाउएचे नाव लावणाऱ्या जमातीच्या बाजूने लागला. शेजारच्या जमातींचेही त्याच जमिनीवर दावे होते, ते टिकले नाहीत. तळ्याभोवतीची कुळे लग्नांनी एकमेकांत इतकी गुंतलेली, की त्यातून एक मालक वेगळा काढणे हाच मुळात अट्टाहास होता. कायद्याला मात्र नावांची यादी हवी होती.

मग शहर आखले गेले, दोन रस्त्यांना या जोडीची नावे मिळाली. १८९४ मध्ये रेल्वे आली, १९१४ मध्ये कथेवर चित्रपट निघाला.

सरोवराच्या तळाच्या मालकीचा वाद त्याहून लांबला. १९२२ च्या समझोत्यात वर्षाला ६,००० पौंडांच्या बदल्यात इथल्या सरोवरांचे तळ सरकारकडे गेले. २००६ च्या कायद्याने १३ सरोवरांचे तळ जमातींना परत मिळाले. वरच्या पाण्याचा ताबा सरकारने सोडलेला नाही.