हातोडीसारख्या डोक्याचा किडा: तुकडे करू नका

‘हातोडीच्या आकाराचे डोके असलेला हा किडा म्हणजे सापाचे विषारी पिल्लू. शिवला तरी माणूस मरतो, दिसताच तुकडे करा,’ असा मजकूर बरीच वर्षे फिरतो आहे.

हा साप नव्हे, बायपेलियम वंशाचा चपटकृमी आहे. ओल्या मातीत राहतो, गांडुळे खातो. खात्री करायची तर काडीने उचलून काचेच्या बरणीत ठेवा आणि खालून पाहा. सापाच्या पिल्लाला खवले, डोळे आणि डोक्याशी जबडा असतो. याचे अंग बुळबुळीत, खवल्यांविना; पोटाखाली फिकट पट्टा आणि तोंड चक्क शरीराच्या मध्याजवळ!

विषाची भीती मात्र अगदीच निराधार नाही. याच्या दोन जातींत टेट्रोडोटॉक्सिन सापडल्याचे 2014 मध्ये प्रसिद्ध झाले. फुगा माशातले विष तेच. पण नुसत्या स्पर्शाने ते जीव घेत नाही. चिकट स्रावाने त्वचा चुरचुरू शकते, म्हणून हातमोजे घाला, हात लागलाच तर साबणाने धुवा आणि कुत्र्या-मांजरांना तो खाऊ देऊ नका.

खरे नुकसान तुकडे करण्याच्या सल्ल्याने होते. बायपेलियम केवेन्स ही जात स्वतःच शेपटीचा तुकडा तोडून वाढते; त्या तुकड्याला साधारण 10 दिवसांत नवे डोके फुटू लागते. म्हणजे कापाल तितके वाढतील. नको असेल तर घट्ट झाकणाच्या डब्यात घेऊन त्यावर मीठ किंवा व्हिनेगर टाका. मातीत मीठ टाकू नका, झाडांची मुळे करपतात.