शाळेने प्रवेश नाकारला तर तक्रार कुठे करायची आणि कोणते कागद लागतात

"जागा भरल्या", "आधी दाखला आणा", "आधार नाही तर अर्ज घेता येणार नाही." शाळेच्या कार्यालयातून असं तोंडी उत्तर मिळालं की बरेच पालक मुकाट्याने परततात. तसं करू नका, नकार लेखी मागा. शाळा लेखी देत नसेल तर प्रवेशाचा अर्ज दोन प्रतींत करा आणि आपल्या प्रतीवर तारीख, सही, शिक्क्यासह पोच घ्या. पोच द्यायलाही तयार नसतील तर तोच अर्ज स्पीड पोस्टाने पाठवून पावती जपा. पुढची सगळी लढाई या एका कागदावर उभी राहते.

शिक्षण हक्क कायदा, 2009 हा 6 ते 14 वयाच्या, पहिली ते आठवीच्या मुलांना लागू आहे. वयाचा पुरावा नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही (कलम 14). जन्मदाखला नसेल तर दवाखान्याची किंवा अंगणवाडीची नोंद चालते, तीही नसेल तर पालकांचं वयाबाबतचं घोषणापत्र द्यावं. शाळाप्रवेशासाठी आधारची सक्ती करता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018च्या आधार निकालात सांगितलं आहे. मुलाची किंवा पालकांची मुलाखत, चाचणी घेऊन निवड केली तर शाळेला पहिल्यांदा 25 हजार आणि नंतर प्रत्येक वेळी 50 हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो.

शाळा सोडल्याच्या दाखल्यावरून सर्वांत जास्त अडवणूक होते, म्हणून हे नीट समजून घ्या. मूल सरकारी किंवा अनुदानित शाळेत जाणार असेल तर जुन्या शाळेच्या मुख्याध्यापकांनी दाखला लगेच द्यायचा आहे. तो मिळायला उशीर झाला तरी नवी शाळा प्रवेश थांबवू शकत नाही. मात्र कलम 5 मधला हा बदलीचा हक्क खासगी विनाअनुदानित शाळेत जाताना मिळत नाही. अर्जात कलम लिहिण्याआधी एवढं तपासा, नाहीतर समोरचा पक्ष तिथेच बोट ठेवतो.

खासगी शाळांत आर्थिक दुर्बल आणि वंचित गटांतल्या मुलांसाठी असलेल्या 25 टक्के राखीव जागांचं प्रकरण वेगळं आहे. त्यासाठी ऑनलाइन अर्ज, सोडत, निवड यादी आणि पडताळणी समिती असा क्रम असतो. आर्थिक दुर्बल गटासाठी कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न 1 लाख रुपयांच्या आत हवं, वंचित गटाला (अनुसूचित जाती-जमाती, दिव्यांग वगैरे) उत्पन्नाची अट नाही. लागतात ते कागद असे: रहिवासाचा पुरावा, जन्माचा पुरावा आणि गटानुसार तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला, जातीचा दाखला किंवा दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र. भाड्याने राहत असाल तर भाडेकरार नोंदणीकृतच हवा, साध्या करारावर अर्ज बाद होतो. घटस्फोटित आईने न्यायालयाचा निर्णय आणि स्वतःचा रहिवास व उत्पन्नाचा पुरावा जोडावा, विधवा आईने पतीचा मृत्युदाखला. अल्पसंख्याक शाळांना हा कायदा लागू नाही, त्या शाळा राखीव जागांच्या यादीत शोधू नका. सरकारी किंवा अनुदानित शाळा एक किलोमीटरच्या आत असेल तर खासगी शाळेला या राखीव जागांतून सूट, हा महाराष्ट्र सरकारचा फेब्रुवारी 2024 मधला बदल मुंबई उच्च न्यायालयाने 19 जुलै 2024 रोजी रद्द केला. तरीही कोणी तो नियम पुढे करत असेल तर निकालाची प्रत दाखवा.

आता तक्रार. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम 32 प्रमाणे ती स्थानिक प्राधिकरणाकडे लेखी करायची: ग्रामीण भागात जिल्हा परिषदेचा शिक्षण विभाग, शहरात महानगरपालिका किंवा नगरपालिकेचा. तक्रार फक्त पालकांनीच करावी असं बंधन नाही, कोणीही करू शकतं. मुलाचं नाव, वय, इयत्ता, अर्जाची तारीख, नकाराचं कारण आणि पोचेची प्रत एवढं पुरतं. आवक विभागाचा शिक्का आणि नोंद क्रमांक घेतल्याशिवाय निघू नका. निर्णयासाठी तीन महिन्यांची मुदत आहे, आणि खरी अडचण हीच. जूनची तक्रार सप्टेंबरमध्ये निकाली निघाली तर मुलाचं निम्मं सत्र गेलेलं असतं. म्हणून तक्रारीत शेवटी ही ओळ आवर्जून लिहा: "निर्णय होईपर्यंत मुलाला तात्पुरता प्रवेश द्यावा, ते शक्य नसल्यास एक जागा रिकामी ठेवावी."

निर्णय पटला नाही तर महाराष्ट्र राज्य बालहक्क संरक्षण आयोगाकडे अपील करता येतं. वेळ हातातून जात असेल तर उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका करता येते. तिथेही अंतरिम, म्हणजे निकालापर्यंतच्या तात्पुरत्या, प्रवेशाची मागणी वेगळी आणि स्पष्ट लिहायला वकिलांना सांगा.

आई-वडील वेगळे राहत असतील आणि शाळेवरूनच वाद असेल तर तो शाळेच्या दारात सुटत नाही. मुलाच्या ताब्याचं प्रकरण जिथे चालू आहे त्याच न्यायालयात शाळेपुरता अंतरिम आदेश मागा. तिथे मुलाचं हित सर्वांत वर धरलं जातं, त्यामुळे कोण किती फी भरतो यापेक्षा मूल सध्या कुठे रमलं आहे, शाळा घरापासून किती लांब आहे, रोज ने-आण कोण करतं, हे हजेरीपट आणि प्रगतिपुस्तकासह मांडा.

वकिलाच्या खर्चाची धास्ती असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज करा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 च्या कलम 12 नुसार स्त्रिया आणि मुलं मोफत वकिलासाठी पात्र आहेत, त्यांना उत्पन्नाची मर्यादा नाही.