झटका आला म्हणजे कोणता? फीटचा का उन्हाचा

आमच्या परभणीकडं दोन्हीला झटकाच म्हणतात. कुत्र्याला फीट आली तरी झटका आला अन् मे महिन्यात ४३ डिग्रीत कुत्रं आडवं पडलं तरी झटकाच बसला, मग धावपळीत एकाचा उपाय दुसऱ्याला होतो. मी स्वतः केलाय. आमचा शेरू जानेवारीत पहाटे झोपेतच ताठ झाला, चारी पाय सायकल मारल्यासारखे, जबडा कटकट, तोंडाला फेस, जागेवरच मुतला अन् मी तांब्या घेऊन तोंडात पाणी ओतायला, वडील चप्पल हुंगवायला. नशीब पाणी सगळं बाहेरच सांडलं, नाहीतर फुप्फुसात गेलं असतं.

जानेवारी, पहाट, झोप. एवढं बघितलं असतं तरी कळलं असतं की हे उन्हाचं नाही. फीट एकदम येते, निवांत पडलेल्या कुत्र्यालाबी येते अन् बहुतेक वेळा एक-दोन मिनिटात आपली आपण थांबते. थांबल्यावर मात्र कुत्रं लगेच भानावर येत नाही, भिंतीला धडकतं, घरच्यांनाच ओळखत नाही.

उन्हाचा झटका असा अचानक नसतो, तो चढत जातो. धाप थांबतच नाही, लाळ घट्ट चिकट होते, हिरड्या लालभडक, मग उलटी, तोल जाणं अन् शेवटी पडणं. शेजारच्या काकांचा पग पत्र्याच्या शेडमध्ये बांधला होता, त्याचं असंच झालं. चपट्या नाकाच्या कुत्र्याला धापा टाकून अंग गार करणं नीट जमतच नाही, सावलीत असला तरी.

आता उपाय. फीटमध्ये आपल्याला करायचं कमी अन् न करायचं जास्त. दाबून धरायचं नाही, तोंडात हात, चमचा, पाणी काही नाही, कुत्रं जीभ गिळत नसतं, तुमचं बोट मात्र जाईल. जिना, टेबलाचा कोपरा यापासून लांब सरकवा, टीव्ही बंद करा, घड्याळ बघा (हे काम आता वडिलांकडं दिलंय, हातात चप्पल येऊ नये म्हणून). ५ मिनिटांच्या वर गेली किंवा एका दिवसात परत आली की थेट डॉक्टर.

उन्हात उलटं, तिथं नुसतं बघत बसलात की गेलं. सावलीत घ्या, पोट, जांघा, पाय सगळं साध्या पाण्यानं भिजवा अन् पंखा लावा. गच्चीवरच्या काळ्या टाकीचं पाणी दुपारी चटका देतं, ते नको, बोअरचं किंवा हौदाचं घ्या. ओला टॉवेल पांघरून ठेवू नका, आतली गरमी आतच राहते. कुत्र्याचं नॉर्मल टेंपरेचर साधारण १०१ ते १०२.५ फॅरनहाइट, १०५ च्या वर म्हणजे जिवावरचं, अन् १०३ ला उतरलं की पाणी मारणं थांबवा, नाहीतर अंग फार गार पडतं. शुद्धीत असेल तरच पाणी चाटू द्या. आधी भिजवा, मग गाडीत घाला. उठून शेपटी हलवली तरी न्याच, किडनीला बसलेला मार दोन दिवसांनीबी दिसतो.

खरी गोची पुढं आहे. ऊन फार चढलं की शेवटी फीटबी येऊ शकते, अन् फीट लांबली तर अंग तापतं. म्हणून दुपारी तापून धापा टाकणाऱ्या कुत्र्याला फीट आली तर उन्हाचीच धरून चाला, पाणी अंगावर, तोंडात नाही.

आपल्याकडं तिसरं एक असतं, कपाशीवरची फवारणी. सारखी लाळ अन् थरथर, दोन फीटच्या मध्येसुद्धा थांबत नसेल तर विषाचा संशय घ्या, औषधाचा डबा सोबत न्या. अन् रस्त्यावरचं अनोळखी कुत्रं असेल तर लाळेला हातच लावू नका, पिसाळलेलं असू शकतं.

परभणीला अन् उदगीरला व्हेटर्नरी कॉलेज आहे. निघायच्या आधी कोणाला तरी फीटचा व्हिडिओ काढायला सांगा, कारण आमचा शेरू डॉक्टरपुढं गेल्यावर असा उभा राहिला जसं काही झालंच नव्हतं.