बायोस अपडेटला डॉसच का लागतं?

जुन्या पीसीचं बायोस (पीसी चालू होताना सगळ्यात आधी चालणारं, मदरबोर्डवरच्या चिपमधलं सॉफ्टवेअर) अपडेट करायचं म्हटलं की पहिलं उत्तर येतं, आधी डॉसचा (म्हणजे विंडोजच्या आधीच्या, नुसत्या कमांडवर चालणाऱ्या ऑपरेटिंग सिस्टिमचा) पेन ड्राइव्ह बनव. नवीन पोरांना वाटतं हे काय भलतंच.

१९८१ च्या आयबीएम पीसीत बायोस रॉम चिपमध्ये कायमचं असायचं, बदलायचं तर चिपच उपटून दुसरी बसवायची. नव्वदच्या दशकात मदरबोर्डवर फ्लॅश चिप आली आणि सॉफ्टवेअरनेच जुनं पुसून नवीन लिहिता यायला लागलं. पण असं लिहिताना मधे कुणी लुडबुड केलेली चालत नाही. विंडोजची मागे सतरा कामं चालू असतात, डॉस बिचारं तुमचा प्रोग्राम सुरू करून गप्प बसतं, हार्डवेअर थेट त्या प्रोग्रामच्या हातात. म्हणून बायोस बनवणाऱ्या अवॉर्ड काय, एएमआय काय, त्यांची फ्लॅशची (बायोस लिहायची) टूल्स डॉसवरच चालायची आणि तेही कोरं डॉस हवं, हायमेम-ईएमएम३८६ सारखे मेमरीचे ड्रायव्हर काही लोड न करता, बूट होताना एफ५ दाबून. (विंडोजमधून लिहिताच येत नाही असं नाही हां, २६ एप्रिल १९९९ ला सीआयएच व्हायरसने तेच करून कित्येकांचे बोर्ड झोपवले.)

तेव्हा 'फॉरमॅट ए: /एस' ही कमांड मारली की डॉस बूट होणारी फ्लॉपी तयार. बायोसची फाइल १२८ नाहीतर २५६ केबीची, १.४४ एमबीत आरामात मावायची. फक्त फ्लॉपीचा भरवसा नाही, ऐनवेळी 'अबॉर्ट, रिट्राय, फेल' आलं की पोटात गोळा.

मग विंडोज एमईने डॉस लपवलं, एक्सपीत स्टार्टअप डिस्क बनायची पण फक्त फ्लॉपीवर, आणि फ्लॉपी ड्राइव्हच गायब व्हायला लागले. मधली काही वर्षं लोकांनी एचपीचं यूएसबी फॉरमॅट टूल आणि कुठूनतरी मिळवलेल्या विंडोज ९८ च्या फाइली यावर काढली. खरी सोय केली फ्रीडॉसने, म्हणजे डॉसच्या फुकट, मुक्त अवताराने. मायक्रोसॉफ्ट डॉस सोडणार हे दिसल्यावर जिम हॉल या विद्यार्थ्याने १९९४ मध्ये तो सुरू केला, १.० यायला मात्र २००६ उजाडलं. २०११ मध्ये पीट बटार्डने त्या एचपीच्या टूलला पर्याय म्हणून रूफस हे बूट होणारा पेन ड्राइव्ह बनवायचं टूल काढलं आणि त्यात फ्रीडॉस आयतंच दिलं, वेगळ्या फाइली शोधायची भानगड संपली.

नव्या बोर्डात हे काही लागत नाही, बायोसच्या मेनूतूनच अपडेट होतं, आणि नुसतं यूईएफआय (जुन्या बायोसची जागा घेतलेलं नवं सॉफ्टवेअर) असेल तर डॉस बूटच होत नाही. जुन्यासाठी मात्र पेन ड्राइव्ह फॅट३२ फॉरमॅटमध्ये ठेवा आणि बायोसच्या फाइलचं नाव आठ अक्षरांत बसवा, नाहीतर डॉसमध्ये ते तोडलेलं, मधे वाकडी रेघ (~) घातलेलं दिसतं आणि तुम्ही बसता नाव शोधत.