व्हिडिओ फाइलनावाचे वाचन

कॉम्प्रेस केलेली व्हिडिओ फाइल न उघडता, नुसत्या नावावरून तिच्यात काय असावे हे ओळखण्याची रीत. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातील मराठी घरांतल्या बैठका, गणेशोत्सव, मुंजी टेपवरून डीव्हीडीवर आणि तिथून मोबाइलवर आल्या, की ओळखीची खूण म्हणून बहुधा नावच उरते.

समजा, नाव असे आहे: 'तानसेन.समारोह.१०८०पी.वेब-डीएल.एएसी२.०.एच.२६४.एमकेव्ही'. ते टिंबाटिंबाने वाचावे. १०८०पी म्हणजे १९२० बाय १०८० बिंदूंचे चित्र. वेब-डीएल म्हणजे ऑनलाइन मंचावरची फाइल जशीच्या तशी उतरवलेली. वेबरिप असेल तर ती पुन्हा कॉम्प्रेस झालेली. एएसी ही ध्वनीची पद्धत, २.० म्हणजे डावी-उजवी अशा दोन वाहिन्या. एच.२६४ हे चित्र कॉम्प्रेस करण्याचे २००३ चे मानक. २०१३ चे एच.२६५ तसेच चित्र साधारण निम्म्या जागेत बसवते. शेवटचे एमकेव्ही हा फक्त डबा, त्यात एच.२६४ बसते तसे एव्ही१ हे दुसरे मानकही बसते. डब्यावरून आतली भाजी ओळखू जाऊ नये.

मोबाइलची नावे अधिक फसवी. 'व्हीआयडी_२०२३१११२_१९३०४५' म्हणजे १२ नोव्हेंबर २०२३ ला संध्याकाळी ७ वाजून ३० मिनिटे ४५ सेकंदांनी केलेले चित्रण. 'व्हीआयडी-२०२३१११२-डब्ल्यूए०००७' मात्र व्हॉट्सॲपवरून आलेले: ही तारीख फाइल फोनवर आल्याची, चित्रणाची नव्हे. आजोबांच्या १९९० मधल्या बैठकीवर २०२३ चा शिक्का बसतो तो असा, आणि पुढची पिढी तोच खरा धरते. हे नुकसान भरून निघणे अवघड, म्हणून फाइल हाती येताच गायक, राग, साथीदार आणि साल नावात लिहून ठेवावे. डीव्हीडीची गत याहून वाईट: 'व्हीटीएस_०१_१.व्हीओबी' हे नाव प्रत्येक लग्नाच्या डीव्हीडीवर सारखेच असते.

नावातला दावा फाइलच्या आकाराशी ताडून पाहावा. दोन तासांची १०८०पी मैफल ३०० एमबीत असेल, तर सेकंदाला जेमतेम ०.३३ मेगाबिट येतात. एवढ्यात हलत्या चित्राचे चौकोन पडणारच. मिनीडीव्ही या कॅमेऱ्याच्या छोट्या डिजिटल टेपवर आपल्याकडे सहसा मुळात ७२० बाय ५७६ बिंदू असतात. तिच्या फाइलला कोणी १०८०पी म्हटले, तरी टेपवर नसलेला तपशील येत नाही. शंका असल्यास 'मीडियाइन्फो' या मोफत प्रोग्रॅममध्ये फाइल उघडावी. तो नावावर विसंबत नाही, आतली नोंद वाचतो.

'.एमपी४.ईएक्सई' असा शेवट असलेली फाइल व्हिडिओ नसून प्रोग्रॅम असतो. विंडोज शेवटचा भाग सहसा लपवते, त्यामुळे दिसते ते फक्त एमपी४. अशी फाइल उघडू नये.