कॅरमेल-दाण्यांचे चॉकलेट (घरगुती)

साखर, साय आणि लोणी एकत्र आटवून केलेल्या मऊ, चिवट कॅरमेलमध्ये भाजलेले दाणे घालायचे, त्याच्या वड्या पाडायच्या आणि एकेक वडी वितळलेल्या चॉकलेटमध्ये बुडवून काढायची, असा हा गोड पदार्थ. मराठीत 'चॉकलेट' हा शब्द कागदात गुंडाळलेल्या कोणत्याही गोळीला सर्रास वापरतात. त्यामुळे घरी केलेल्या या वड्यांनाही मुले नुसते चॉकलेटच म्हणतात, आणि 'दाणे' म्हटले की आपल्याकडे शेंगदाणेच समजायचे. सातारा-सांगलीच्या स्वयंपाकघरात या पदार्थाला लागणारे बहुतेक सगळे जवळपासच पिकते किंवा दुभते: उसाची साखर, म्हशीच्या दुधाची दाट साय, भुईमूग. बाहेरून आणावे लागते ते चॉकलेट. हातात लागणारे मुख्य कसब मात्र, म्हणजे पाकाची गोळी ओळखणे, संक्रांतीच्या निमित्ताने घराघरांत आधीपासूनच आहे.

मूळ पदार्थ अमेरिकेतला. तिथे शेंगदाण्याऐवजी पेकन नावाचा, अक्रोडाच्या जातीचा सुकामेवा घालतात. कॅरमेलच्या ठिपक्याखालून पेकनच्या फाका पायांसारख्या बाहेर डोकावतात, म्हणून एका प्रकाराला 'टर्टल', म्हणजे कासव, असे नाव पडले. कॅरमेल आणि चॉकलेट यांचे नाते तिथे जुने आहे. मिल्टन हर्शी यांनी १८८६ मध्ये लँकेस्टर कॅरमेल कंपनी काढली आणि १९०० मध्ये ती दहा लाख डॉलरना विकून ते पूर्णपणे चॉकलेटकडे वळले. त्याआधी स्वित्झर्लंडमध्ये डॅनियल पीटर यांनी १८७५ च्या सुमारास दुधाचे चॉकलेट तयार केले, तर १८७९ मध्ये रोडॉल्फ लिंट यांनी चॉकलेट तासन्‌तास घोटण्याची रीत काढली. आज वडी बुडवली की पातळ, गुळगुळीत थर चढतो, तो या घोटण्यामुळे. त्यापूर्वीचे चॉकलेट खरखरीत असायचे. कोको आणि भुईमूग ही दोन्ही झाडे मूळची दक्षिण अमेरिकेची, ही गोष्टही ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

पाक

घरगुती प्रमाण साधारण असे: साखर २०० ग्रॅम, लिक्विड ग्लुकोज ६० ग्रॅम, ताजी साय किंवा फ्रेश क्रीम २०० मिलिलिटर, बिनमिठाचे लोणी ४० ग्रॅम, मीठ अर्धा चमचा, भाजून सोललेले दाणे २०० ग्रॅम आणि बुडवायला ३५० ग्रॅम चॉकलेट. १८ सेंटिमीटरच्या चौकोनी डब्यात याच्या पंचेचाळीस-पन्नास वड्या पडतात. भांडे मात्र जाड बुडाचे आणि दिसायला गरजेपेक्षा दुप्पट मोठे घ्यावे, कारण साय ओतताच पाक दूध उतू जावे तसा वर येतो.

साखर, ग्लुकोज आणि भिजण्यापुरते पाणी मंद आचेवर ठेवायचे. साखर विरघळेपर्यंत हलवले तरी चालते, उकळी फुटल्यावर डाव घालायचा नाही. भांड्याच्या कडेला उडालेले साखरेचे कण पाण्यात बुडवलेल्या ब्रशने खाली उतरवत राहायचे. असा एक कण जरी पाकात पडला तरी त्याच्याभोवती साखर गोळा होऊ लागते आणि बघता बघता सगळ्या पाकाची परत साखर होते. ग्लुकोज हेच टाळायला घालतात. वेगळ्या जातीची साखर मध्ये आली की साखरेच्या कणांना एकमेकांना धरून रांग लावता येत नाही. पाकात लिंबू पिळतात त्याचेही कारण तेच, आंबटपणाने साखरेचा काही भाग फुटून ग्लुकोज आणि फ्रुक्टोज तयार होतात. पण इथे पुढे साय पडणार असते आणि लिंबाने ती फाटू शकते, म्हणून या पदार्थाला ग्लुकोज बरे. केकचे सामान विकणाऱ्या दुकानात ते मिळते.

पाणी उडून गेल्यावर साधारण १६० अंश सेल्सिअसच्या पुढे साखर स्वतः रंग बदलू लागते: आधी गवती पिवळा, मग मधासारखा, मग तांबूस. तांबूस रंग आला आणि पहिला पुसटसा धूर दिसला की गॅस बंद करून कोमट केलेली साय बारीक धारेने ओतायची. ही वेळ चुकवू नये. अर्धा मिनिट उशीर झाला तरी कडूपणा येतो आणि तो कशानेही जात नाही. साय गार असेल तर पाक एकदम आखडून दगड होतो आणि वाफेचा लोट हातावर येतो.

साय ताजीच हवी. विरजणासाठी साठवलेली, जरा आंबूस वास येणारी साय गरम पाकात पडताच फाटते आणि कॅरमेलमध्ये पांढरे कण दिसतात. घरचे लोणी वापरायचे तर ते चार पाण्यांनी धुवून त्यातले ताक पूर्ण काढावे. साय मिक्सरमधून एकदा फिरवून घेतली तर गुठळ्या राहत नाहीत.

आता लोणी आणि मीठ घालून मिश्रण परत मंद आचेवर. यापुढे सतत हलवायचे, कारण दूध तळाला लागते. याच टप्प्यावर घरभर जो वास सुटतो तो सातारकरांना वेगळा सांगायला नको. कंदी पेढ्यासाठी खवा भाजताना तो असाच सुटतो. दुधातली प्रथिने आणि साखर उष्णतेने एकमेकांशी संयोग पावून तपकिरी रंग आणि खमंगपणा देतात. लुई-कामी माय्यार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये या क्रियेचे वर्णन केले, म्हणून तिला माय्यार क्रिया म्हणतात. साखर एकटी करपवून येणारी चव आणि ही चव वेगवेगळी आहे. चांगल्या कॅरमेलमध्ये दोन्ही असतात.

किती आटवायचे, हाच या पदार्थातला खरा प्रश्न. पुस्तकांत ११८ ते १२० अंश सेल्सिअस असा आकडा असतो, आणि तो समुद्रसपाटीसाठी बरोबर आहे. आपल्याकडे तो तसाच्या तसा चालत नाही. उंची वाढली की हवेचा दाब कमी होतो आणि पाणी लवकर उकळते, दर ३०० मीटरला सुमारे एक अंश कमी. सांगली साधारण ५५० मीटरवर आहे, तिथे पाणी ९८ च्या आसपास उकळते. सातारा शहर ७४० मीटरच्या आसपास, तिथे साडेसत्त्याण्णव. महाबळेश्वर १३५० मीटरच्या घरात, तिथे जेमतेम साडेपंचाण्णव. पाकाचा उत्कलनबिंदूही तितकाच खाली येतो. महाबळेश्वरात ११८ अंशांपर्यंत आटवलेले कॅरमेल प्रत्यक्षात चार-साडेचार अंश पुढे गेलेले असते आणि वडी दाताला चिकटून बसण्याइतकी घट्ट होते. म्हणून तापमापी वापरणाऱ्याने आधी तिने उकळते पाणी मोजावे आणि १०० ला जितके कमी पडतील तितके अंश पाककृतीतल्या आकड्यातून वजा करावेत.

तापमापी नसेल तर काही बिघडत नाही. माझ्या मते नसलेलीच बरी, निदान पहिल्या चार वेळा. वाटीत गार पाणी घ्यायचे आणि त्यात चमच्याने एक थेंब सोडायचा. पाक कच्चा असेल तर थेंब पाण्यात पसरतो आणि पाणी गढूळ होते. थोड्या वेळाने तो तळाशी एकत्र राहतो, पण बोटांत धरला की ओघळतो. आणखी दोन मिनिटांनी त्याची गोळी होते. ती चिमटीत उचलून पाण्याबाहेर धरावी: दाबल्यावर दबली पाहिजे, पण सोडल्यावर बसकण मारता कामा नये. हीच कॅरमेलची खूण. तिळाच्या लाडवासाठी पाकाची गोळी पाहणाऱ्या बाईला यात शिकवण्यासारखे काही नाही. चिक्कीला पाक काचेसारखा कडकन तुटावा लागतो, इथे त्याच्या बरेच अलीकडे थांबायचे, एवढाच फरक. गोळी पाकात किती पाणी शिल्लक आहे ते थेट सांगते, त्यामुळे तिला उंचीचा हिशेब करावा लागत नाही. सांगलीत आणि महाबळेश्वरात गोळी एकच असते. थेंब बघताना भांडे आचेवरून बाजूला घ्यायला विसरू नये, नाहीतर बघेपर्यंत पाक पुढे जातो.

साखरेच्या जागी गूळ घालण्याचा मोह सांगलीच्या माणसाला होणारच, इतकी या शहराची गुळाची बाजारपेठ मोठी. गुळाची चव यात सुरेख लागते, पण गरम गुळात दूध घातले की ते फाटते, हे खिरीवरून सगळ्यांना माहीत आहे. शिवाय गूळ हवेतली ओल ओढतो आणि वड्या पाघळतात. चौथा हिस्सा साखर कमी करून तेवढा चिरलेला गूळ अगदी शेवटी, गॅस बंद केल्यावर घालावा. त्यापुढे जाऊ नये.

दाणे

साताऱ्याच्या कराड भागाचा भुईमुगाशी जुना संबंध आहे. 'कराड ४-११' नावाची पसऱ्या भुईमुगाची जात या गावाच्या नावानेच ओळखली जाते. जात कोणतीही असो, दाणे आधी निवडून घ्यावेत. काळवंडलेले, सुरकुतलेले, बुरशीचा वास येणारे दाणे टाकूनच द्यावेत. त्यांत बुरशीमुळे अफ्लाटॉक्सिन हे विष असू शकते आणि भाजल्याने ते पूर्ण जात नाही. जाड कढईत मंद आचेवर तडतड थांबेपर्यंत भाजायचे, गार झाल्यावर हाताने चोळून सुपात पाखडायचे. दोन फाका झालेले दाणे चांगले, कारण कापताना सुरी अडत नाही. कॅरमेलमध्ये घालतेवेळी मात्र दाणे परत कोमट करून घ्यावेत. गार दाण्यांनी कॅरमेल त्यांच्याभोवती आखडते आणि मिश्रण एकसारखे पसरत नाही. काजू किंवा बदाम घातले तरी रीत हीच. शेंगदाण्याची ॲलर्जी असलेल्यांना हा पदार्थ धोक्याचा आहे, वाटताना तसे सांगावे.

दाणे कालवले की बटर पेपर लावलेल्या डब्यात ओतायचे आणि रात्रभर तसेच ठेवायचे. दुसऱ्या दिवशी तूप लावलेल्या सुरीने एकदा दाबून कापावे. करवतीसारखी सुरी पुढे-मागे केली की वडी ओढली जाते. या पाकाचा चटका फार वाईट असतो, कारण तो कातडीला चिकटून राहतो. करताना लहान मुलांना ओट्यापासून लांब ठेवावे, आणि भाजलेच तर लगेच हात नळाच्या वाहत्या पाण्याखाली धरावा.

चॉकलेट चढवणे

दुकानात दोन प्रकारच्या लाद्या मिळतात. 'कंपाउंड' नावाच्या लादीत कोको पावडर आणि घट्ट केलेले वनस्पती तेल असते. ते वितळवून गार केले की आपोआप कडक होते. खऱ्या चॉकलेटमध्ये कोको बटर, म्हणजे कोकोच्या बियांतली चरबी, असते. वेष्टणावरचे घटक वाचले की फरक कळतो. कंपाउंडने काम सोपे होते, पण जिभेवर मेणासारखा थर राहतो. इतक्या मेहनतीने आटवलेल्या कॅरमेलवर तो थर चढवू नये असे मला मनापासून वाटते.

कोको बटरची अडचण अशी की ते सहा वेगवेगळ्या प्रकारच्या स्फटिकांत गोठू शकते आणि त्यांतला एकच प्रकार हवा तसा चमकदार, मोडताना टक आवाज करणारा असतो. तो मिळवण्याच्या कृतीला टेंपरिंग म्हणतात. घरची रीत सोपी आहे. दोन भाग चॉकलेट उकळत्या पाण्याच्या वाफेवर ठेवलेल्या भांड्यात वितळवायचे, खाली उतरवून तिसरा भाग बारीक किसून त्यात थोडा थोडा घालत हलवत राहायचे. किसात योग्य स्फटिक आधीच असतात आणि बाकीचे चॉकलेट विरजण लागावे तसे त्यांच्या वळणावर जाते. गडद चॉकलेट ३१-३२ अंशांवर, दुधाचे २९-३० वर बुडवायला तयार होते. तापमापीशिवाय: खालच्या ओठाला थेंब लावावा, जरासा गार लागला पाहिजे. सुरीच्या पात्यावर घेतलेला थर पाच मिनिटांत चकचकीत सुकला तर पुढे जावे. पाण्याचा एक थेंब जरी भांड्यात गेला तरी चॉकलेटमधली साखर भिजून कणाला कण चिकटतो आणि सगळ्याचा लगदा होतो. म्हणून डाव, भांडे, हात, सगळे कोरडे ठणठणीत हवे.

वडीच्या तळाला आधी चॉकलेटचा पातळ हात फिरवून सुकू द्यावा. मग वडी काट्यावर ठेवून बुडवायची, उचलायची, काटा भांड्याच्या कडेवर दोन-तीनदा हलकेच आपटायचा म्हणजे जास्तीचे निथळते, आणि वडी बटर पेपरवर सरकवायची. तळाला किंवा कोपऱ्यात फट राहिली तर कॅरमेल तिथून हळूहळू बाहेर येते. हा थर चवीइतकाच झाकणाचेही काम करतो, हवेतल्या ओलीपासून तोच कॅरमेलला वाचवतो.

कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळते. सांगलीच्या एप्रिल-मे महिन्यांतली दुपार त्याच्या बरीच वर जाते, त्यामुळे हा पदार्थ नोव्हेंबर ते फेब्रुवारीचा. पावसाळ्यात, विशेषतः जिल्ह्याच्या पश्चिमेच्या घाटभागात, कॅरमेलला ओल धरते. थंडीत घट्ट झाकणाच्या डब्यात वड्या दोन-तीन आठवडे छान राहतात. फ्रिजमध्ये ठेवल्याच तर डबा बाहेर काढून तो खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नये, नाहीतर चॉकलेटवर दव धरते आणि साखर वर येऊन पांढरे डाग पडतात. उष्णतेनेही असा पांढरट थर येतो, तो चरबीचा असतो. दोन्हींनी खाण्याला अपाय नाही. घरून विकायच्या असतील तर अन्न सुरक्षा आणि मानके कायदा, २००६ खाली नोंदणी करावी लागते.

भांड्यात उरलेले चॉकलेट गोठण्याआधी त्यात मूठभर दाणे आणि तासगावचे बेदाणे घालून चमच्याने बटर पेपरवर ठिपके टाकावेत. कॅरमेलच्या भांड्याला चिकटलेले खरवडत बसू नये. त्यात पाणी घालून उकळले की ते आपोआप सुटते.